चार माणसांचं काम

मुनाफभाई रस्त्याच्या मधोमध ओणवे व्हायचे, छातीइतक्या उंच लोखंडी चावीचं एक टोक व्हॉल्व्हच्या खड्ड्यात टेकवायचे, दुसऱ्या टोकाला कान लावायचे आणि डावा हात वर करायचे. हात वर गेला की रस्ता गप्प व्हायचा. ट्रॅक्टरवाला इंजिन बंद करायचा, शेजारची पिठाची गिरणी थांबायची, नळावर भांडणाऱ्या बायका शिवी अर्ध्यात सोडून द्यायच्या. मी त्या गावात ग्रामसेवक म्हणून रुजू व्हायला गेलो तो नेमका असा एक क्षण होता. मी अमरावतीचा माणूस, समोर रस्ता अडला की हॉर्न वाजवायचा एवढंच मला ठाऊक. मी तो वाजवत राहिलो. शेवटी एका म्हातारीने माझ्या स्कूटरच्या हँडलवर हात ठेवला.

"बंद कर ना बावा ते फटफटी. पानी आयकून राह्यले ते."

मला वाटलं, गाव वेड्यांचं दिसतंय. तेवढ्यात मुनाफभाईंनी डोकं वर केलं आणि कोणालाच उद्देशून नाही असं म्हणाले, "शाळेपाशी आलं. सात मिन्टात इथिसा येते." रुजू व्हायला आलेल्या माणसाला घाई नसते. मी घड्याळ लावून उभा राहिलो. सातव्या मिनिटाला नळाने आधी हवा टाकली, मग गढूळ पाण्याची गुळणी, आणि मग स्वच्छ धार धरली. त्या दिवसापासून मी त्या माणसाच्या जादूत सापडलो तो सापडलोच.

गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, माणसं अजून तिथेच नांदताहेत. अंजनगाव सुर्जीपासून थोडं आत, खारपाणपट्ट्यातलं गाव. विहिरीचं पाणी तोंडात धरवत नाही, त्यात डाळ शिजत नाही. धरणावरच्या योजनेतून आठ दिवसांनी गोड पाणी येतं, त्यावर गावाचा आठवडा चालतो. ते पाणी गावात कुठे, कधी आणि किती वेळ सोडायचं हे शेख मुनाफ शेख मदार यांच्या हातात. पगार ग्रामपंचायतीचा, तोही कधी वेळेवर न झालेला. अंगात खाकी सदरा, पायात नाडी नसलेले कॅनव्हासचे बूट, डोक्यावर जाळीची टोपी, उजव्या मनगटावर आतल्या बाजूला वळवलेलं घड्याळ. आमच्या भागात ग्रामसेवकाला सचिव म्हणतात, म्हणून मी 'सचिवसाहेब' झालो. मुनाफभाईंना मात्र हुद्दा नव्हता. गावात लहानथोर सगळे त्यांना नावानेच ओळखत आणि त्यांच्या हातातल्या चावीला भीत.

प्रत्येक आळीला चाळीस मिनिटं, हा त्यांचा कायदा. तो कुठल्याही रजिस्टरला नव्हता. पहिल्या आळीला गढूळ पाणी मिळतं, शेवटच्या आळीला जोर मिळत नाही, म्हणून ज्याचा आज शेवटचा नंबर त्याचा पुढच्या पाळीला पहिला. हे सगळं त्यांच्या डोक्यात. मी एकदा हौसेने तक्ता करून भिंतीवर लावला, तर त्यांनी तो बराच वेळ पाहिला आणि म्हणाले, "साहेब, याच्यात सोमवारी मोहल्ला दोनदा पानी पेऊन राह्यला." चूक माझी होती. तक्ता मी काढून टाकला.

गावचे जुने पुढारी बापूसाहेब. सरपंचपद त्यांच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या फिरत आलेलं. त्यांच्या मुलीचं लग्न पाण्याच्या दिवशी आलं. दहा मिनिटं जास्त सोड, असा निरोप आला. मुनाफभाईंनी चाळीस मिनिटांनी चावी फिरवली. बापूसाहेब आठ दिवस धुमसत होते. त्यात गंमत ही, की त्याच लग्नाच्या पंगतीत मुनाफभाई मांडी घालून पोटभर जेवले आणि जिलबी मागून घेतली. पुढे रमजानमध्ये मशिदीचे हाजीसाहेब आले. रोजे सुटायच्या वेळेला मोहल्ल्याला थोडं जास्त पाणी मिळावं, आपलाच माणूस आहे म्हणून हक्काने सांगायला आले होते. मुनाफभाईंनी मोहल्ल्याची पाळी अलीकडे ओढून संध्याकाळची केली, पण मिनिटं चाळीसच दिली. हाजीसाहेब रागावून गेल्यावर मला म्हणाले, "कमी देल्लं तं लोक म्हनतीन मुनाफ भेते. जास्त देल्लं तं म्हनतीन मुनाफ आपल्यायले देते. घड्याळाले जात नसते साहेब, म्हनून मी घड्याळ पाह्यतो." हे बोलताना त्यांच्या चेहऱ्यावर फुशारकी नव्हती. दोन्हीकडून बोलणी खाणाऱ्या माणसाची दमणूक होती. इतक्या वर्षांत एकाही मिनिटाची चूक आपल्याला परवडणार नाही, हे त्या माणसाने कधीतरी फार लवकर ओळखलं होतं. बापूसाहेबांच्या पुतण्याने तीच चावी धरली असती तर पाच-दहा मिनिटं इकडेतिकडे गावाने हसून सोडली असती.

आता मी केलेल्या पापाकडे येतो.

आमच्या ग्रामपंचायतीत सदस्य नऊ, प्रभाग तीन, प्रत्येक प्रभागात तिघे. मोहल्ला म्हणजे मशिदीभोवतीच्या दोन गल्ल्या आणि त्याला खेटून माळीपुरा. या दोन्ही वस्त्या पहिल्यापासून दोन नंबरच्या प्रभागात. तिथून मोहल्ल्याचा एक सदस्य यायचा आणि माळीपुऱ्याचे दोन. असं कोणी ठरवलं नव्हतं, पण दोघांनाही एकमेकांच्या मतांशिवाय भागत नव्हतं. निवडणुकीआधी प्रभाग नव्याने पाडायची वेळ आली. तलाठी, सर्कल आणि मी अशी आमची समिती. बापूसाहेबांनी आम्हाला चहाला बोलावलं, कामाचं काहीच न बोलता संत्री खाऊ घातली, आणि निघताना माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "सीमा रस्त्यावरून न्या लागते म्हनते ना नियम? मंग रस्ता तं रस्ताच असते ना सचिव, मोठा काय अन् बारका काय."

मी पट्टी ठेवली आणि मशिदीच्या गल्लीच्या मधून रेघ ओढली. डावीकडची घरं एक नंबरच्या प्रभागात, उजवीकडची तीन नंबरच्या. लोकसंख्या जुळली, रस्त्याची सीमा मिळाली, कागद निर्दोष झाला. मोहल्ल्याची मतं दोन मोठ्या प्रभागांत अशी विरघळली, की त्यांचा माणूस पंचायतीत येणं संपलं. रेघ ओढताना मला हे कळत होतं. माझे वडील अमरावतीला वकील होते. कायद्यात बसणारं आणि बरोबर असणारं यातला फरक त्यांनी जेवताना शंभरदा सांगितला असेल. मी तेव्हा भाजी वाढून घेत असणार.

नकाशा भिंतीवर लागला आणि मोहल्ला पेटून उठला. पुढे होता इमरान, मुनाफभाईंचा पुतण्या. भाऊ लवकर गेला म्हणून मुनाफभाईंनी त्याला लहानाचा मोठा केला होता, अमरावतीला ठेवून वकील केलं होतं. तो आता अंजनगावच्या कोर्टात उभा राहत होता. त्याने आणि हाजीसाहेबांनी मिळून दुसरा नकाशा काढला. सगळा मोहल्ला एकत्र, त्याला वीटभट्टीजवळची आपली घरं जोडायची, आणि माळीपुरा तोडून दुसरीकडे टाकायचा. म्हणजे एक अख्खा प्रभाग आपला, तिन्ही जागा आपल्या. इमरान माझ्यासमोर टेबलावर बोट आपटून म्हणाला, "साहेब, माह्या बापापासून आमी एका जागेसाठी माळीपुऱ्यात हात जोडत फिरतो. त्यायचं मन झालं तं आमचा मानूस येते. हक्काची गोष्ट मेहरबानीनं काहून मांगा लागते आमाले?" त्याचं काय चूक होतं?

हा दुसरा नकाशा मी भीतभीत बापूसाहेबांच्या कानावर घातला. ते भडकतील असं वाटलं होतं. ते हसले. "देऊन टाका त्यायले," म्हणाले, "तीन घ्या म्हना आन् खूश राहा." मी सुटकेचा श्वास टाकला. बापूसाहेब हसले की काहीतरी बिनसलेलं असतं, एवढंही माझ्या टाळक्यात शिरलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी मुनाफभाई कार्यालयात आले. खुर्चीवर कधी बसत नसत, त्या दिवशी बसले. चावी मांडीवर आडवी घेतली.

"साहेब, हरकत लिहाची हाय."

"इमरानने दिलीय की."

"त्याची त्यानं देल्ली. मले माही द्याची हाय. तुमची रेघ बी चुकली, अन् आमच्या पोट्ट्याची बी."

मी म्हटलं, "मुनाफभाई, मी समितीत आहे. माझ्याविरुद्धची हरकत मीच कशी लिहू? दुसऱ्या कोणाकडून लिहून घ्या."

ते शांतपणे म्हणाले, "ज्यानं गाठ मारली त्यालेच सोडाले सांगा लागते. दुसऱ्यानं ओढली का दोरा तुटते."

मी विषय बदलायला विचारलं, की इमरानच्या नकाशात तर तुमचे तीन सदस्य येतात, मग वाईट काय? मुनाफभाईंनी टेबलावरचे माझे पेपरवेट, टाचण्यांच्या डब्या, शाईच्या बाटल्या अशा मिळतील त्या नऊ वस्तू ओळीने मांडल्या. तीन एकीकडे, सहा दुसरीकडे. "हे तीन आमचे. हे सहा बापूसाहेबाचे. आता या सहायले आमच्या दारात याचं काय काम उरलं? मत पाह्यजेच नाय. आन् आमच्या तिघायले माळीपुऱ्यात जायाचं काय काम? मतच नाय तिथं. मंग पंचायतीत बसून आमचा मानूस काय करन? हात वर करन, अन् खाली करन. सहा विरुद्ध तीन, पाच वर्स." त्यांनी एक शाईची बाटली उचलून मधोमध ठेवली. "आज माळीपुऱ्याच्या मानसाले आमच्याकडे चहा पेयाले या लागते साहेब. मनात असो का नसो. चहा पेता पेता मानूस नळाची गोष्ट बोलते, पोरीच्या शाळेची गोष्ट बोलते. तेवढीच तं आमची कमाई हाय. ते बी तोडता?"

चौथीपर्यंत उर्दू शाळेत शिकलेला, गावाच्या बाहेर फारसा न गेलेला माणूस. मी राज्यशास्त्राचा पदवीधर. टेबलावरच्या त्या नऊ वस्तूंकडे मी तोंड उघडं ठेवून बघत राहिलो. बापूसाहेब का हसले ते मला त्या दिवशी कळलं.

हरकत मी लिहिली. धैर्य वगैरे काही नाही, त्या माणसासमोर नाही म्हणायची लाज वाटली. ते बोलत होते, मी सरकारी भाषेत उतरवत होतो आणि ते प्रत्येक वाक्य वाचून घेत होते. एके ठिकाणी मी 'सबब' लिहिलं तर म्हणाले, "हे सबब काहाले? सरळ म्हना ना, म्हनून." मी खोडून 'म्हणून' केलं. खाली त्यांनी उर्दूत सही केली, उजवीकडून डावीकडे, सावकाश, व्हॉल्व्ह फिरवावा तशी. मागणी एवढीच, की मोहल्ला आणि माळीपुरा पूर्वीसारखे एका प्रभागात ठेवावेत.

बातमी संध्याकाळपर्यंत गावभर झाली. इमरान भर चौकात काकांसमोर उभा राहिला. मी पंचायतीच्या ओट्यावरून ऐकत होतो. "चाचा, तुमी आयुष्यभर दुसऱ्यायच्या घरी पानी सोडलं. एकदा आपल्या घरी सोडाची पाळी आली तं तुमी चावी उलटी फिरवून राह्यले?" हाजीसाहेब तर मशिदीच्या पायरीवरून म्हणाले, की मुनाफ बापूसाहेबांच्या पंगतीत जिलबी खातो ती फुकट नाही. त्या दिवसापासून त्यांनी मुनाफभाईंचा सलाम घेणं बंद केलं. घरात अन्न शिजत होतं, पण इमरान वेगळ्या खोलीत जेवायला लागला. हे सगळं मी ओढलेल्या एका रेघेमुळे चाललं होतं, आणि मुनाफभाई मला रोज विचारत होते, "साहेब, तब्येत बरी हाय ना?"

प्रांतसाहेब म्हणजे एक तरुण बाई होत्या. सुनावणीत त्यांनी मुनाफभाईंना विचारलं, "दोन वस्त्यांमध्ये रस्ता आहे, मग सीमा तिथे का नको? तुमच्याकडे एकत्र ठेवण्याजोगी काही नैसर्गिक खूण आहे का?" मुनाफभाई म्हणाले, "नाला हाय बाईसाहेब. जमिनीखालून जाते. एकाच पाइपावर दोन्ही वस्त्या हायेत." बाई हसल्या, पण चेष्टेने नाही. पाण्याच्या दिवशी स्वतः येऊन पाहते म्हणाल्या.

आता गावाने कसा तमाशा केला ते ऐका. बाई आल्या, मुनाफभाई नवा सदरा घालून रस्त्यात ओणवे झाले, कान लावला, हात वर केला. गाव गप्प. एक मिनिट गेलं, पाच गेली. मुनाफभाईंचा कान चावीवरून हलेना. शेवटी ते उठले आणि पडेल आवाजात म्हणाले, "पानी नाय. वरतेच पाइप फुटला." हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे. इमरानने तोंड फिरवलं. मी तर बाईंची गाडी वळते कधी याची वाट बघत होतो.

पण मोहल्ला आणि माळीपुरा यांच्या नाक्यावर एक सार्वजनिक नळ होता. घरातल्या नळांना जोर नसल्यामुळे दोन्हीकडच्या बायका तिथेच भरायच्या. पाणी नाही कळताच त्या सगळ्या मुनाफभाईंवर तुटून पडल्या. "आठ दिवस झाले, आता काय तुह्या चावीत कान घालून पेऊ?" "ए मुनाफ, लग्नात जिलबी खाते, इथं पानी नाय सोडत!" जरीकाठाची लुगडी, ओढण्या, बुरखा वर सारलेल्या, सगळ्या एका सुरात. बाई नळापाशी गेल्या. तिथे सकाळपासून नंबर लावलेले होते. आमच्याकडे रांगेत माणूस उभा राहत नाही, आपली काहीतरी वस्तू ठेवून जातो. वीट, फुटका डबा, एक चप्पल, करवंटी, दोरी बांधलेला दगड. पन्नासेक वस्तूंची लांब रांग. बाईंनी विचारलं, "यातल्या मोहल्ल्याच्या कोणत्या आणि माळीपुऱ्याच्या कोणत्या?" क्षणभर कोणाला प्रश्नच कळला नाही. मग एक माळीण म्हणाली, "हे चप्पल शबानाचं. तिच्या मांगं माह्यी वीट. तिची सून बाळंतीन हाय म्हनून मी तिले पुढं घेतलं, तं ते मांगची कुरकुर करून राह्यली." मागची कुरकुर करणारी मोहल्ल्यातलीच होती. मग तिथे नवं भांडण लागलं. बाई खाली वाकून ती रांग शेवटपर्यंत बघत गेल्या. मीही तीच रांग सहा महिने दर पाळीला ओलांडून कार्यालयात जात होतो, आणि मला ती कधी दिसली नव्हती.

माझी रेघ रद्द झाली, इमरानचा नकाशाही नामंजूर झाला. प्रभाग दोन पूर्वीसारखा राहिला.

खरी परीक्षा पुढे होती. निवडणुकीत इमरान उभा राहिला. समोर माळीपुऱ्याचा गजानन. मोहल्ल्याचा माणूस नेहमीप्रमाणे येणार का, म्हणजेच मुनाफभाईंनी शेजाऱ्यांवर ठेवलेला भरवसा खरा ठरणार का, एवढाच प्रश्न गावात उरला होता. मतमोजणी तालुक्याला झाली. इमरान सात मतांनी पडला. कितीतरी वर्षांत पहिल्यांदा पंचायतीत मोहल्ल्याचं कोणी नव्हतं.

मी त्यांच्या घरी गेलो तेव्हा गल्लीतली पोरं मोठ्याने म्हणत होती, की आपला वार्ड मागितला असता तर तीन आले असते, म्हाताऱ्याने एकही ठेवला नाही. इमरान भिंतीकडे तोंड करून बसला होता. मी चाचरत म्हटलं, "मुनाफभाई, आपली चूक झाली का हो?" ते बुटातली माती झटकत होते. म्हणाले, "सात मतं म्हंजे किती मानसं साहेब? चारच. चार मानसं तिकडून इकडे वळली असती तं पोट्टा आला असता." मग इमरानच्या पाठीकडे बघून म्हणाले, "घर जळलं नाय. चार मानसाचं काम बाकी हाय, एवढंच." इमरान वळून न बघता म्हणाला, "ते चार माळीपुऱ्यात कोन हायेत ते शोधतोच मी." मुनाफभाई काहीतरी बोलायला गेले आणि थांबले. "शोध," एवढंच म्हणाले. "पन चहा पेऊन शोध. भांडून नाय."

त्यानंतरच्या दिवसांतली एक गोष्ट मला तेव्हा खुळेपणाची वाटायची. पाळी संपली की मुनाफभाई चावी खांद्यावर टाकून सरळ घरी जाण्याऐवजी वळसा घालून हाजीसाहेबांच्या दारावरून जायचे. थांबायचे, सलाम करायचे. आतून उत्तर यायचं नाही. पुन्हा पुढच्या पाळीला तेच. मी एकदा वैतागून म्हटलं, "कशाला अपमान करून घेता? त्यांना नाही बोलायचं." ते म्हणाले, "सलाम करनं माह्यं काम, घेनं त्यायचं. माह्यं काम मी काहून सोडू?"

हरकतीच्या अर्जावरचं अक्षर कोणाचं ते बापूसाहेबांनी ओळखलं होतं. माझी बदली मेळघाटात झाली. निरोपाला मुनाफभाई स्टॅंडवर आले. मी रागात होतो, ते मात्र खुशीत. "तिकडे गोड पानी हाय साहेब," म्हणाले, "पोट सुधरन तुमचं."

पुढची वर्षं फोनवर गेली. मी निवृत्त होऊन अमरावतीला आलो. पाइप मोठा झाला, पाणी चार दिवसांआड यायला लागलं, तरी ते चावीला कान लावतातच असं कळायचं. गेल्या थंडीत इमरानचा फोन आला. काका सकाळच्या पाळीचं पाणी सोडून घरी आले, बूट काढले, आणि गेले. मय्यतीला पोहोचता आलं नाही. चौथ्या दिवशी गेलो. चावी दारामागे उभी होती, हाताची जागा घासून चकचकीत झालेली. ती पाहिल्यावर मला रडू आवरलं नाही. अंगणात माळीपुऱ्याची इतकी माणसं बसली होती, की मला बसायला जागा शोधावी लागली. गजानन स्वतः चहाचे कप फिरवत होता.

इमरान मला आत घेऊन गेला. केस पिकायला लागले होते त्याचे. म्हणाला, "साहेब, पाच वर्स मी माळीपुऱ्यात ते चार मानसं शोधली. एकेका घरात जाऊन बसलो. चहा पेताना त्याच्या तोंडाकडे पाह्यचो, हाच असन का? कोनाची जमिनीची केस निघाली, कोनाच्या पोरीचा दाखला अटकला, करून देल्लं. अर्ध्या माळीपुऱ्याचा मी वकील झालो. पन ते चार काही सापडले नाय."

त्याने उठून दार लोटून घेतलं.

"चाचाले माती देल्ली त्या दिवशी संध्याकाळी हाजीसाहेब आले. इथंच, तुमी बसले तिथंच बसले. मले म्हने, बेटा, मुनाफनं आपला वार्ड होऊ देल्ला नाय, त्याचा राग होता. मुनाफले माळीपुरा पाह्यजे ना, मंग घे, माळीपुऱ्यालेच घे, असं म्हनून आमी गजाननले मत देल्लं. मी, माही बायको, दोन्ही पोट्टे." इमरानने चार बोटं वर केली आणि तशीच धरून ठेवली. "चारी मतं एका घरातली, साहेब. आमच्याच गल्लीतली. माळीपुरा तं माह्यासंगच होता. अन् चाचाले मालूम होतं."

"त्यांना कसं माहीत?"

"मीबी हाजीसाहेबाले तेच इचारलं. तं म्हने, निकालाच्या दुसऱ्याच दिवशी मुनाफ दारात येऊन सलाम करून गेला, तवाच मी समजलो का याले कळलं. पाच वर्स सलाम करत राह्यला. ना मले बोलला, ना कोनाले."

मी पाच वर्षांपूर्वीचं ते घर आठवत राहिलो. गल्ली शिव्या देत होती, पुतण्या पाठ फिरवून बसला होता, आणि एक नाव घेतलं असतं तर म्हातारा त्याच क्षणी सुटला असता. पण मग इमरान आपल्याच गल्लीशी वैर धरून बसला असता आणि माळीपुऱ्यात पाऊल टाकायला गेला नसता. म्हणून 'शोध' म्हणून ते थांबले होते. नुसत्या कानाने जमिनीखालचं पाणी ओळखणारा माणूस. आपल्या गल्लीत कुठे काय फुटलंय हे त्याला ऐकू आलं नसेल कसं? आयुष्यात मी बरेच शिकलेले लोक पाहिले, साहेब पाहिले, पुढारी पाहिले. एवढं ऐकून घेऊन एवढं गप्प राहणारा माणूस दुसरा पाहिला नाही.

निघताना विचारलं, "पुढच्या महिन्यात निवडणूक आहे म्हणतात. उभा राहणार?"

"फॉर्म भरला," इमरान म्हणाला. "मोहल्ल्यात मले जायाची गरज नाय. हाजीसाहेब फिरतो म्हनतात, घरोघरी. म्या म्हटलं, वय झालं तुमचं, राहू द्या. तं म्हने, ज्यानं गाठ मारली त्यालेच सोडू दे."